सीमा आणि बाजारपेठ : निपाणी परिसरातील आर्थिक सहकार्य

शेजारी विकसनशील राष्ट्रांच्या आर्थिक सहकार्याचा विचार करताना 'सार्क'चा उल्लेख अपरिहार्य ठरतो. १९८५ मध्ये ढाका येथे ही संघटना स्थापन झाली. २००६ पासून तिचा मुक्त व्यापार करार अंमलात आला. तरीही अपेक्षित एकात्मता साधली नाही. अशा एकात्मतेला काय लागते, हे बेळगाव-निपाणी सीमाभागाच्या इतिहासावरून स्पष्ट होते.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी हा भाग मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला. राज्यकारभार बदलला, बाजार मात्र तुटला नाही. राज्यघटनेच्या ३०१ व्या कलमाने देशांतर्गत व्यापार मुक्त ठेवल्यामुळे निपाणीची तंबाखू महाराष्ट्रातील विडी उद्योगाकडे जातच राहिली. सार्क राष्ट्रांना असा सामाईक घटनात्मक आधार नाही.

परंतु मुक्त बाजार हा न्याय्य असतोच असे नाही. १९८१ मध्ये शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली तंबाखू उत्पादकांनी रास्त भावासाठी निपाणी येथे महामार्ग रोखला. ६ एप्रिलच्या पोलीस गोळीबारात शेतकऱ्यांचे बळी गेले. माल सीमा ओलांडत होता. भाव ठरविण्यात उत्पादकाला स्थान नव्हते.

याउलट दूधगंगेचे उदाहरण आहे. धरण महाराष्ट्रातील राधानगरी तालुक्यात असून त्याच्या पाण्यात कर्नाटकाचाही वाटा आहे. सीमावाद न मिटताही हे सहकार्य घडले.

तात्पर्य, राजकीय वाद संपण्याची वाट न पाहता सहकार्य सुरू होऊ शकते. मात्र त्याला कायद्याचे संरक्षण आणि लाभाची न्याय्य वाटणी आवश्यक असते.