नारायण धारप यांचे भयसाहित्य : मराठवाड्याच्या संदर्भात एक ऐतिहासिक आकलन

प्रास्ताविक

मराठी वाङ्मयेतिहासात भयकथेला व भयकादंबरीला गौण स्थान मिळाले आहे. नारायण धारप (१९२५-२००८) यांनी शंभराहून अधिक पुस्तके लिहिली आणि वाचनालयांच्या द्वारे ती किमान दोन पिढ्यांपर्यंत पोहोचली. तथापि समीक्षेने व अभ्यासक्रमांनी त्यांची दखल अभावानेच घेतली. २०२५ मध्ये त्यांच्या जन्मास शंभर वर्षे पूर्ण झाली. त्या निमित्ताने त्यांच्या लेखनकार्याचा आढावा घेणे, तसेच भानामतीच्या समजुतीने दीर्घकाळ ग्रासलेल्या नांदेड-लातूर भागात या साहित्याकडे कोणत्या दृष्टीने पाहावे याचा विचार करणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

पूर्वपरंपरा

आरंभीच्या मराठी कादंबरीत अद्भुताचा प्रवाह प्रबळ होता. लक्ष्मणशास्त्री हळबे यांची 'मुक्तामाला' (१८६१) व ना. स. रिसबूड यांची 'मंजुघोषा' (१८६८) ही त्याची ठळक उदाहरणे होत. हरिभाऊ आपटे यांच्या कादंबरीलेखनास १८८५ मध्ये प्रारंभ झाल्यानंतर मात्र वास्तवदर्शन हाच कादंबरीच्या श्रेष्ठतेचा निकष ठरत गेला. अद्भुत व रहस्य यांचा प्रवाह खंडित झाला नाही. तो लोकप्रिय साहित्याच्या क्षेत्रात सरकला. गो. ना. दातार यांनी रेनॉल्ड्सच्या इंग्रजी कादंबऱ्यांची रूपांतरे केली. बाबूराव अर्णाळकर (१९०६-१९९६) यांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या. या साहित्याचा मुख्य आधार वर्गणी भरून पुस्तके घरी नेणारा वाचक हा होता. धारपांचे लेखन याच परंपरेत येते.

लेखनकार्य

पुण्याचे धारप विज्ञानाचे पदवीधर होते. 'चेटकीण', '४४० चंदनवाडी', 'लुचाई', 'शपथ', 'काळी जोगीण' ही त्यांची विशेष वाचली गेलेली पुस्तके. 'नेनचिम'सारखे विज्ञानसाहित्यही त्यांनी लिहिले. त्यांनी निर्माण केलेली 'समर्थ' ही व्यक्तिरेखा भयसाहित्याच्या वाचकांत विशेष परिचित झाली. संकटात सापडलेल्या माणसाची हकिकत शांतपणे ऐकणे, घटनेचे स्वरूप ताडणे आणि मग उपाय योजणे, ही समर्थांची रीत आहे. अमानवी शक्तीलाही नियम असतात आणि ते जाणणारा माणूस तिच्याशी झुंज देऊ शकतो, हे या कथांमागील गृहीतक होय. लेखकाच्या विज्ञानशिक्षणाचा हा संस्कार मानता येईल.

रूपांतराचा प्रश्न

धारपांवरील प्रमुख आक्षेप परक्या आधारांचा आहे. 'लुचाई'मागे स्टीफन किंग यांची 'सालेम्स लॉट' (१९७५), तर 'शपथ'मागे त्यांचीच 'इट' (१९८६) ही कादंबरी आहे. हे ऋण स्पष्टपणे नोंदवणे अभ्यासकाचे कर्तव्य आहे. परंतु तेवढ्याने मूल्यमापन पूर्ण होत नाही. 'सालेम्स लॉट'मधील गावकऱ्यांना क्रूस व पवित्र जल यांचा आधार वाटतो, कारण ती त्यांच्या श्रद्धेची प्रतीके आहेत. मराठी वाचकाला त्यांनी ना धीर येतो ना धाक वाटतो. भयाचे स्थान आणि संरक्षणाचे साधन ही दोन्ही वाचकाच्या घरात, भाषेत व संस्कारांत शोधावी लागतात. हे काम केवळ भाषांतराने साधणारे नाही.

'आजी' या कथेचा प्रवास या संदर्भात उद्बोधक आहे. किंग यांच्या 'ग्रामा' (१९८४) या कथेवर ती आधारलेली आहे. दिग्दर्शक राही अनिल बर्वे यांनी सांगितल्याप्रमाणे, १९९३ मध्ये नागझिरा अभयारण्यात एका मित्राने त्यांना धारपांची कथा तोंडी ऐकवली. तिच्या प्रेरणेतून 'तुंबाड' (२०१८) हा हिंदी चित्रपट घडला आणि २०२४ मध्ये तो पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा त्याला पहिल्या वेळेपेक्षा मोठे व्यावसायिक यश लाभले. छापील कथा मौखिक होते आणि पुन्हा नव्या माध्यमात अवतरते, ही प्रक्रिया लोककथेच्या प्रसारासारखीच आहे.

भानामती आणि भयकथा

मराठवाड्यात या विषयाला आणखी एक गंभीर बाजू आहे. घरावर दगड पडणे, कपडे आपोआप पेटणे, अंगावर बिब्ब्याच्या फुल्या उमटणे, स्त्रियांनी विचित्र आवाज काढणे या प्रकारांना येथे भानामती म्हटले जाते. महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीने (स्थापना १९८९) अशा प्रकारांमागील मानवी हात व मानसिक ताण उघड करून दाखवले. भानामतीचा संशय ज्या व्यक्तीवर येतो, तिला मारहाण व बहिष्कार सोसावा लागतो. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांची २० ऑगस्ट २०१३ रोजी हत्या झाली. त्यानंतर त्याच वर्षी झालेल्या जादूटोणाविरोधी कायद्यानुसार एखादी व्यक्ती करणी करते असा समज पसरवणे हा गुन्हा ठरला.

मग धारपांचे साहित्य अंधश्रद्धेला खतपाणी घालते काय? 'चेटकीण' वा 'काळी जोगीण' ही शीर्षके समाजात रुजलेल्या स्त्रीविषयक भयाचाच उपयोग करतात, हे नाकारता येत नाही. या अंगाने त्यांची स्त्रीवादी चिकित्सा आवश्यक आहे. तथापि कादंबरीतील भय वाचक स्वेच्छेने पत्करतो आणि पुस्तक मिटताच त्यातून मुक्त होतो. भानामतीच्या आरोपात बळी ठरणाऱ्या व्यक्तीला ही मुभा नसते. कल्पित व वास्तव यांतील ही सीमारेषा विद्यार्थ्याला ओळखता आली पाहिजे. भयकथा वर्गाबाहेर ठेवून ती ओळख होणार नाही. ती वर्गात आणून, चिकित्सकपणे वाचूनच होईल.

समारोप

धारपांच्या अनेक पुस्तकांच्या नव्या आवृत्त्या मराठवाड्यातील साकेत प्रकाशनाने काढल्या, ही या विभागाच्या दृष्टीने उल्लेखनीय बाब आहे. पुस्तके उपलब्ध आहेत. त्यांच्या वाचकांचा इतिहास मात्र अद्याप लिहिला जायचा आहे. जुन्या सार्वजनिक वाचनालयांच्या देवघेव-नोंदवह्या हे त्याचे प्राथमिक साधन होय. कोणती पुस्तके कोणत्या दशकात किती वेळा नेली गेली, हे त्यांतूनच कळू शकते. आणि अशा वह्या रद्दीत जाण्यास वेळ लागत नाही. स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ परिक्षेत्रातील मराठी व इतिहास विभागांनी या नोंदींचे संकलन संयुक्तपणे हाती घेतल्यास, समीक्षकांनी काय मानले याबरोबरच समाजाने काय वाचले, हेही आपल्या वाङ्मयेतिहासात नोंदवले जाईल.