बातम्या सांगणारी स्मिता

स्मिता पाटील म्हटले की कोऱ्हाळ्याच्या मंडळींनाही ‘जैत रे जैत’, ‘उंबरठा’ आठवतात. आम्हांला बोलायचे आहे ते त्याआधीच्या स्मिताविषयी.

२ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले. सिंहगडावरील सहक्षेपणामुळे १९७३ मध्ये ते पुण्यातही दिसू लागले. संच थोडे, पडदा कृष्णधवल. त्या पडद्यावर विशीही न गाठलेली ही पुण्यात जन्मलेली मुलगी मराठी बातम्या वाची. जीन्सवरच साडी नेसून ती कॅमेऱ्यापुढे बसे, हा किस्सा लोक हसून सांगतात. सांगोत बापडे! आम्हांला मोठी वाटते ती गोष्ट निराळीच. गोऱ्या रंगालाच रूप समजणाऱ्या समाजात एक सावळा चेहरा घरोघर आला, आणि लोकांनी तो आपला मानला. शिवाय बातमीत अभिनयाला वाव नाही. नजर स्थिर हवी, शब्द स्वच्छ हवा. ही तालीम कोणत्या नाट्यशाळेत मिळते?

श्याम बेनेगलांनी तिला हेरले ते याच पडद्यावर. १९७५ मध्ये ‘चरणदास चोर’ आणि ‘निशांत’ आले, ‘भूमिका’साठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला; १३ डिसेंबर १९८६ रोजी, अवघ्या ३१ व्या वर्षी, ती गेली. ‘उंबरठा’तील सुलभा कठोर वाक्येही आवाज न चढवता बोलते, ते वळण आम्हांला बातम्यांच्या टेबलावरचेच वाटते.