प्रभावळकर, दिलीप

प्रभावळकर, दिलीप : (४ ऑगस्ट १९४४ – ). मराठी व हिंदी चित्रपट, दूरचित्रवाणी आणि रंगभूमीवरील ज्येष्ठ अभिनेते, लेखक. ‘बहुरूपी’ ही त्यांची रूढ ओळख. ‘हसवाफसवी’ या स्वतःच लिहिलेल्या नाटकात त्यांनी सहा भूमिका केल्या, त्यामुळे ती पक्की झाली. पण या ओळखीत रंगभूषेला जास्त श्रेय मिळते आणि त्यांच्यातला लेखक मागे राहतो. प्रभावळकर माणसाचा वेष घेण्याआधी त्याचे बोलणे पकडतात. याच नाटकातील कृष्णराव हेरंबकर हा संगीत रंगभूमीचा थकलेला नट पांढऱ्या केसांमुळे लक्षात राहत नाही. वयाने अडखळणाऱ्या त्याच्या बोलण्यात जुनी ऐट शिल्लक असते, म्हणून तो लक्षात राहतो.

दूरचित्रवाणीवर हे अधिक स्पष्ट दिसते, कारण तिथे कॅमेरा जवळ असतो आणि एकच माणूस पुन्हा पुन्हा घरी येतो. चिं. वि. जोशींचा चिमणराव त्यांनी मुंबई दूरदर्शनवर बाळ कर्वे यांच्या गुंड्याभाऊसोबत साकारला, तेव्हा पुस्तकातला भित्रा, सज्जन कारकून घरोघरी पोचला. पुढे ‘अनुदिनी’ या त्यांच्याच लेखनातून केदार शिंदे दिग्दर्शित ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका उभी राहिली. त्यातले आबा दिवसभरात घरात जे घडले ते वहीत उतरवतात. मुलगा, सून, नातवंडे यांच्यावर ते चिडतात, पण तेही बेताने. स्वतः लिहिलेला हा माणूस साकारताना प्रभावळकरांनी हशा पिकवण्यापेक्षा ऐकून घेण्यावर भर दिला. या मालिकेचे यश मला त्यातच दिसते.

यावर आक्षेप असा, की हा सारा खेळ सौम्य, निरुपद्रवी माणसांचा आहे; त्यात अभिनेत्याचा पल्ला कुठे दिसतो? आक्षेप वरवर योग्य वाटतो, कारण ‘चौकट राजा’मधला (१९९१) नंदू हा मतिमंद प्रौढही निरागसच आहे. पण ‘झपाटलेला’मधला (१९९३) तात्या विंचू त्यांचाच, दूरदर्शनवरील ‘साळसूद’मधील खलनायकही त्यांचाच. त्याहून बोलका पुरावा दोन हिंदी चित्रपटांचा आहे. ‘लगे रहो मुन्नाभाई’त (२००६) त्यांनी गांधीजी साकारले. हे गांधीजी उपदेशाचा सूर लावत नाहीत, हळू आवाजात मुन्नाशी गप्पा मारतात. दोनच वर्षांनी ‘सरकार राज’मध्ये तोच संथ स्वर रावसाहेबांच्या तोंडी आला आणि त्यातून कारस्थान डोकावू लागले. सौम्यपणा हा त्यांचा स्वभावधर्म असता, तर त्याचे असे विष झाले नसते. ते कमावलेले साधन आहे. नायकपदाचे वलय त्यांना लाभले नाही, हेही खरे. मात्र ओळखीचा चेहरा विकत राहणे ज्याने नाकारले, त्याच्या बाबतीत ही उणीव मानता येत नाही.

‘लगे रहो मुन्नाभाई’ आणि गजेंद्र अहिरे यांचा ‘शेवरी’ या दोन चित्रपटांसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मुलांसाठी त्यांनी ‘बोक्या सातबंडे’ लिहिला. २०२५ मध्ये, वयाच्या ८१व्या वर्षी, सुबोध खानोलकर दिग्दर्शित ‘दशावतार’ या चित्रपटात त्यांनी बाबुली मेस्त्री या कोकणातल्या दशावतारी कलावंताची मध्यवर्ती भूमिका केली.