दारी आलेला संन्यासी

ढाक्याच्या बकलँड बंधाऱ्यावर १९२१ च्या आरंभी अंगाला राख फासलेला एक जटाधारी बसलेला असे. पाहणाऱ्यांपैकी काहींना त्याच्यात भावाल जमीनदारीचे मधले कुमार रमेंद्रनारायण राय दिसू लागले. वस्तुतः १९०९ च्या मे महिन्यात दार्जिलिंग येथे कुमारांचे निधन झाल्याचे जाहीर होऊन बारा वर्षे लोटली होती. दहन खरोखर झाले की त्या रात्रीच्या पावसाने स्मशानातील माणसे पांगली, हा प्रश्न पुढे न्यायालयात वर्षानुवर्षे चघळला गेला.

बहीण ज्योतिर्मयी देवींनी साधूला घरी आणून जेवू घातले. घास घेताना तर्जनी वेगळी ठेवण्याची लकब त्यांनी हेरली. ४ मे १९२१ रोजी जयदेवपुरात जमलेल्या लोकांसमोर त्याने आपण रमेंद्रनारायण असल्याचे सांगितले. आजी सत्यभामा देवींनी त्याला नातू म्हणून जवळ केले. पत्नी विभावती देवींनी मात्र ठाम नकार दिला.

या नकारालाच मी या प्रकरणाचा गाभा मानतो. बहिणीला गेलेला भाऊ परत मिळत होता. पत्नीला मात्र अंगवळणी पडलेले वैधव्य उतरवून ठेवावे लागणार होते. शिवाय वादीने केलेला विषप्रयोगाच्या कटाचा आरोप तिला आधार देणाऱ्या सख्ख्या भावापर्यंत पोहोचत होता. तिला हा मनुष्य खरोखरच परका वाटला असेल, हेही अशक्य नाही.

मराठी वाचकाला येथे पानिपतानंतरचा तोतया भाऊसाहेब आठवेल. त्याचा निवाडा १७७६ साली देहदंडाने झाला. भावालचा पाहुणा १९३० साली स्वतःच दावा घेऊन न्यायालयात गेला. त्याच्या एकट्याच्या बाजूने हजाराहून अधिक साक्षीदार उभे राहिले. पायावरचा व्रण, त्वचेचा खरखरीतपणा, हिंदी वळणाची बंगाली, पतिपत्नींचा एकांत, सारे काही चव्हाट्यावर आले. न्यायाधीश पन्नालाल बसू यांनी १९३६ साली त्याच्या बाजूने निकाल दिला. कलकत्ता उच्च न्यायालयाने १९४० साली दोन विरुद्ध एक मताने तो उचलून धरला. लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने ३० जुलै १९४६ रोजी विभावतींचे अपील फेटाळले.

त्यानंतर थोड्याच दिवसांत तो वारला. विभावतींनी त्याला अखेरपर्यंत पती मानले नाही.