शब्दाविना मालगुडी : एल. वैद्यनाथन

आज सुरुवातीलाच एक छोटा प्रयोग करू. ‘मालगुडी डेज’ हे नाव मनात म्हणा आणि क्षणभर थांबा. चाळिशी ओलांडलेल्या बऱ्याच जणांच्या कानात एक पुरुषी आवाज गुणगुणायला लागला असेल. आता सांगा, ती धून कोणाची? लेखक आर. के. नारायण आठवतात, दिग्दर्शक शंकर नाग आठवतात. संगीतकाराशी मात्र गाडी अडते. त्यांचं नाव एल. वैद्यनाथन.

मी हे बोलतोय देवनहळ्ळीहून. बाहेरच्यांना हे गाव बेंगळुरूच्या विमानतळामुळे माहीत असतं, इतिहासवाल्यांना टिपू सुलतानचं जन्मगाव म्हणून. टिपूवरची दूरदर्शन मालिका १९९० साली आली, तेव्हा तिचं संगीत नौशाद यांनी दिलं. ‘बैजू बावरा’ आणि ‘मुघल-ए-आझम’चे नौशाद! ते नाव पडद्यावर आलं की मालिकेचं वजन वाढायचं. ‘मालगुडी’चं नेमकं उलटं झालं. तिथे धून घराघरांत गेली आणि नाव मागे राहिलं.

वैद्यनाथन यांचा जन्म १९४२चा. वडील व्ही. लक्ष्मीनारायण हे व्हायोलिनवादक आणि तिन्ही मुलांचे गुरू. काही वर्षं हे कुटुंब श्रीलंकेत जाफन्याला होतं. तिथे १९५८ साली तमिळांविरुद्ध दंगली झाल्या आणि ते मद्रासला परतले. धाकटे दोघे भाऊ जगभर गाजले. एल. सुब्रमण्यम मैफलींचे राजे झाले, ‘सलाम बॉम्बे’चं संगीतही त्यांचंच. एल. शंकर यांनी जॉन मॅक्लॉफ्लिन आणि झाकीर हुसेन यांच्याबरोबर ‘शक्ती’ उभी केली. थोरल्याने मात्र सिनेमाच्या रेकॉर्डिंग स्टुडिओचा रस्ता धरला. जी. के. वेंकटेश या कन्नड सिनेमातल्या मोठ्या संगीतकाराकडे त्यांनी सहायक म्हणून काम केलं. त्याच उस्तादाकडे इळैयराजाही उमेदवारी करत होते.

आता शंकर नाग. हा माणूस आपल्याला परका नाही. होन्नावरचा मुलगा मुंबईत आला, मराठी रंगभूमीवर रमला. ‘२२ जून १८९७’ या मराठी चित्रपटाच्या लेखनात त्याचा हात होता. पत्नी अरुंधती याच मुंबईच्या नाटकवाल्यांतली. गिरीश कर्नाडांच्या ‘ओंदानोंदु कालदल्ली’मधून १९७८ साली तो पडद्यावर आला. त्या कन्नड चित्रपटाचं संगीत पुण्याच्या भास्कर चंदावरकरांचं होतं. संगीताची ये-जा या दोन राज्यांत अशी सतत चालूच असते.

शंकर नागने ‘मालगुडी डेज’ १९८६ साली दूरदर्शनवर आणली. चित्रीकरण मुख्यतः आगुंबेला, पावसाच्या गावात. रेखाचित्रं आर. के. लक्ष्मण यांची, म्हणजे आपल्या ‘कॉमन मॅन’वाल्यांची. कथा इंग्रजीत लिहिलेल्या, गाव दक्षिणेतलं, मालिका हिंदीत आणि तिचे काही भाग इंग्रजीतही. मग शीर्षकगीत कोणत्या भाषेत लिहायचं? हिंदीत लिहिलं तर मालगुडी उत्तरेत सरकलं असतं. कन्नडमध्ये लिहिलं तर देशभरच्या प्रेक्षकाला कळलं नसतं.

वैद्यनाथन यांच्या धुनेत हा प्रश्नच उरत नाही. त्यात शब्दच नाहीत. नुसता आवाज, अर्थ नसलेली अक्षरं. आपल्याकडे तराण्यात किंवा नोम-तोममध्ये असतात तशी. कर्नाटक संगीतात रागम्-तानम्-पल्लवी गाताना ‘तानम्’मध्येही अशीच अक्षरं येतात. मला ती धून ऐकताना दर वेळी हेच आठवतं: ज्या घरात मुलं ही अक्षरं ऐकत वाढली, त्याच घरातल्या माणसाने ती मैफलीतून उचलून एका पोराच्या तोंडी दिली. शाळेतून उड्या मारत घरी येणारा स्वामी जे गुणगुणेल, ते हे. शास्त्राचा पाया आहे, पण शास्त्राचा दरारा नाही. म्हणून ती बिहारच्या मुलाची झाली आणि सोलापूरच्या मुलाचीही. भाषांतर करायची गरज कुणाला पडली नाही.

पुढच्याच वर्षी, १९८७ साली, त्यांच्या वाट्याला याहून अवघड काम आलं. सिंगीतम् श्रीनिवास राव यांचा ‘पुष्पक’. बेंगळुरूत घडणारा, कमल हासनचा, आणि एकही संवाद नसलेला चित्रपट. इतर चित्रपटांत पार्श्वसंगीत संवादांना टेकू देतं, इथे टेकू द्यायला संवादच नाहीत. आणि संगीत जास्त बोललं तर विनोद मरतो! त्यातला एक प्रसंग आठवा. चित्रपटगृहाशेजारच्या कलकलाटात राहायची सवय झालेल्या नायकाला पंचतारांकित हॉटेलच्या शांततेत झोप येत नाही. मग तो जुन्या जागेचा गोंगाट टेपवर भरून आणतो आणि ऐकत झोपतो. अशा ठिकाणी संगीतकाराची खरी परीक्षा गप्प राहण्यात असते. त्याच सुमाराच्या गिरीश कासरवळ्ळींच्या ‘तबरन कथे’लाही वैद्यनाथन यांचंच संगीत आहे. निवृत्तीवेतनासाठी कचेरीचे उंबरे झिजवणाऱ्या तबराची ती कथा.

आता आपल्याकडे पाहा. ‘आभाळमाया’ म्हटलं की मंगेश कुळकर्णींचे शब्द, अशोक पत्कींची चाल, देवकी पंडितांचा आवाज अशी तीन नावं पटकन येतात. गाण्याला शब्द असले की ते गाणं म्हणून उरतं, कार्यक्रमांत गायलं जातं, निवेदक नावं घेतात. शब्द नसलेल्या धुनेला मंचावर बोलावणारं कोणी नसतं. ती मालिकेच्या नावात विरघळून जाते. ज्या गुणामुळे वैद्यनाथन यांची धून सगळ्यांची झाली, त्याच गुणामुळे ती त्यांची राहिली नाही.

शंकर नाग १९९० साली अपघातात गेले. कर्नाटकात आजही रिक्षांवर त्यांचे फोटो दिसतात. चित्रीकरण झालेल्या अरसाळू रेल्वे स्थानकावर आता मालगुडी संग्रहालय आहे. वैद्यनाथन १९ मे २००७ रोजी चेन्नईत गेले. त्यांचं स्मारक रिक्षावर मावणारं नाही, कारण ते लोकांच्या कानात आहे.

म्हणून एक विनंती. पुढच्या वेळी कुणाच्या मोबाइलवर ही धून वाजली, तर त्याला नुसतं “अरे, मालगुडी!” म्हणू नका. “एल. वैद्यनाथन” एवढंही म्हणा. इतिहास जपायला दर वेळी संग्रहालय लागत नाही. भेटू पुढच्या भागात.