खोटे, विजू
(१७ डिसेंबर १९४१ – ३० सप्टेंबर २०१९). हिंदी-मराठी चित्रपट, रंगभूमी व दूरचित्रवाणीवरील चरित्र अभिनेते. मूळ नाव विठ्ठल बापूराव खोटे. वडील नंदू खोटे रंगभूमीवरील नट; अभिनेत्री शुभा खोटे थोरल्या भगिनी, तर दुर्गा खोटे या काकू.

रमेश सिप्पींच्या ‘शोले’तील (१९७५) कालिया ही त्यांची सर्वांत गाजलेली भूमिका. रामगढ गावाहून रिकाम्या हाताने परतलेल्या या दरोडेखोराच्या वाट्याला मोजकीच दृश्ये आली आहेत. टोळीचा म्होरक्या गब्बरसमोर उभे राहिल्यावरची भीती, मग सुटल्याच्या भ्रमातले हसू आणि क्षणात मृत्यू हा सारा प्रवास त्यांनी जवळजवळ केवळ चेहऱ्यावर दाखवला. गब्बरची दहशत प्रेक्षकाला पटते, ती या प्रसंगामुळे. त्याचे श्रेय मात्र खोटे यांना क्वचितच दिले जाते. ‘अंदाज अपना अपना’तील (१९९४) रॉबर्टने त्यांची विनोदाची अचूक जाण दाखवली. मराठीत ‘अशी ही बनवाबनवी’ (१९८८) महत्त्वाचा. दूरदर्शनवरील ‘जबान संभालके’ या मालिकेत ते व शुभा खोटे दोघेही होते.

मुंबईत राहत्या घरी त्यांचे निधन झाले.