शांबरिक खरोलिका आणि माळ्यावरचे पिवळे डबे

नौपाड्यातली आमची इमारत पुनर्विकासाला गेली. घर रिकामं करताना माळ्यावरून आजोबांचा स्लाइड प्रोजेक्टर आणि पुठ्ठ्याच्या चौकटीतल्या स्लाइड्सचे सहा पिवळे डबे खाली आले. आजोबा जाऊन अकरा वर्षं झाली. आजी आहे, पण गेल्या वर्षापासून तिला नावं आठवेनाशी झाली आहेत. मी सॉफ्टवेअरवाली. तेव्हा पहिला विचार आला तो स्कॅनिंगचाच. दोन शनिवार-रविवार खर्ची घालून सगळ्या स्लाइड्स लॅपटॉपवर घेतल्या आणि आजीला दाखवायला बसले. ती म्हणाली, "छान आहेत हो," आणि जपमाळ शोधायला उठली.

अद्भुत कथांमध्ये एक यंत्र नेहमी भेटतं. माणसाच्या आठवणी पकडायच्या आणि हव्या तेव्हा दाखवायच्या. हे वाचताना मला कायम कल्याण आठवतं. कारण तशा यंत्राच्या जवळपास जाणारी एक गोष्ट आमच्यापासून लोकलने अर्ध्या तासावर घडून गेली आहे.

१८९२ साली कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी आपल्या मुलांना घेऊन आणि मदनराव पितळे यांच्या साथीने एक खेळ सुरू केला. त्याचं नाव 'शांबरिक खरोलिका'. शंबर हा पुराणातला मायावी असुर, कृष्णाच्या मुलाने, प्रद्युम्नाने ज्याला मारलं तो. त्याची विद्या ती शांबरी, म्हणजे माया. विलायतेहून आलेल्या 'मॅजिक लँटर्न'ला इतकं घरचं नाव मिळालेलं मी दुसरं पाहिलेलं नाही.

यंत्र तसं जुनंच. डच शास्त्रज्ञ क्रिस्तियान हायगेन्स याने १६५९ च्या सुमारास त्याची रेखाटनं केली होती. पेटीत दिवा, त्यापुढे प्रकाश एकवटणारं भिंग, मग काचेवर रंगवलेलं चित्र, आणि शेवटी ते चित्र पडद्यावर मोठं करून टाकणारं दुसरं भिंग. भिंग प्रतिमा उलटी करतं, म्हणून काच मुळात उलटीच सरकवायची. पटवर्धनांच्या काचा हाताने रंगवलेल्या होत्या. रामायण-महाभारतातले प्रसंग त्यांवर होते, आणि एकाच आकृतीच्या वेगवेगळ्या अवस्था भराभर बदलून ती हलल्याचा भास निर्माण केला जाई. ल्युमिएर बंधूंचा सिनेमा मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखवला गेला तो ७ जुलै १८९६ रोजी. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लोकांसमोर आला ३ मे १९१३ रोजी. पटवर्धनांचा खेळ त्या दोन्हींच्या आधीचा.

कल्याणातच का, याचं एक उत्तर रेल्वेत असावं असं मला वाटतं. बोरीबंदर ते ठाणे गाडी १८५३ ला धावली, पुढच्याच वर्षी ती कल्याणला पोहोचली. भिंगं, दिवे, काचा मुंबईहून आणणं आणि खेळ घेऊन गावोगाव जाणं, दोन्ही त्यामुळे सोपं झालं असणार. त्या काळात या पट्ट्याला नव्या गोष्टींची हौसही होती. खरोलिकेनंतर वर्षभरातच, १८९३ ला, ठाण्यात मराठी ग्रंथसंग्रहालय उभं राहिलं.

पण मला अडवलं ते वेगळ्याच एका तपशिलाने. चित्रकंदिलाच्या खेळात काच मुकी असे. बाजूला कुणीतरी गोष्ट सांगे, गाणी होत. म्हणजे यंत्र निम्मंच होतं, उरलेलं निम्मं माणूस होता. आपल्याकडे हे नवीन नव्हतं. पिंगुळीचे चित्रकथी हेच करत आले आहेत: चित्र पुढे धरायचं आणि गात-बोलत कथा उलगडायची. काच जपून ठेवता येते. सांगणारा उठून गेला की काचेवर रंग तेवढे उरतात.

माझ्या स्कॅनिंगमध्ये हेच राहून गेलं होतं. प्रोजेक्टरचा दिवा गेला होता. लॅमिंग्टन रोडवर तीन दुकानं फिरून त्या जोडणीचा हॅलोजन मिळवला. भाड्याच्या घरात अजून पडदेही लावले नव्हते, म्हणून खिडकीला चादरी बांधल्या आणि भिंतीवर पहिली स्लाइड टाकली. ती उलटी पडली. आजी लगेच म्हणाली, "अगं, डोकं खाली करून घालायची असते ती. ह्यांनी शिकवलं होतं मला."

मग ती दीड तास बोलली. तलावपाळीच्या कट्ट्यावरची मुलगी म्हणजे माझी आत्या. चौकटीवर महिना-साल छापलेलं होतं, त्यावरून तिच्या मुंजीत नेसलेल्या साडीपर्यंत ती पोहोचली. एका चष्मेवाल्या गृहस्थांना तिने आधी आजोबांचे मित्र म्हटलं आणि थोड्या वेळाने स्वतःचा भाऊ. मी दुरुस्ती केली नाही. खरं काय ते सांगू शकणारं दुसरं कुणी आता घरात नाही.

फोनवर सगळं ध्वनिमुद्रित केलं आहे. आता प्रत्येक स्लाइडच्या फाइलला तिच्या आवाजाचा तेवढा तुकडा जोडते आहे, चष्मेवाल्यांना दोन. सहापैकी दोन डबे झालेत. आजी रोज संध्याकाळी विचारते, "आज यंत्र लावायचंय ना?" उरलेले चार डबे तिला नावं आठवताहेत तोवर संपवायचे आहेत. म्हणून सध्या मी ऑफिसातून लवकर निघते.